सकाळी कॅसेट, संध्याकाळी प्रयोग: ध्वनिसंग्रह आणि अभिनय यांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कॉलेजातली मुलंमुली, त्यांचे काळजीत पडलेले आईवडील आणि प्रयोगानंतर मेकअप रूममध्ये डोकावून "पण तुम्ही दिवसा काय करता?" विचारणारे प्रेक्षक, सगळ्यांचे प्रश्न थोड्याफार फरकाने तेच असतात. फोनवर तीच उत्तरं देऊन घसा बसतो आणि घसा मला संध्याकाळी लागतो. म्हणून इथे लिहून ठेवते.

तुम्ही नक्की काय करता?

दिवसा जुने आवाज डिजिटल करते. कॅसेट, स्पूलच्या टेप, लाखेच्या तबकड्या. टेप तुटली असेल तर जोडायची, वाजवायची, संगणकात उतरवायची आणि आत कोण, कुठे, कधी बोललंय किंवा गायलंय याची नोंद करायची. संध्याकाळी आणि शनिवार-रविवार नाटकात काम करते. अधूनमधून आकाशवाणीची श्रुतिका, ऑडिओबुकचं वाचन, थोडं डबिंग. आमच्या घरी याला 'धड ना इकडे, धड ना तिकडे' म्हणतात.

म्हणजे पोटापाण्यासाठी नोकरी आणि हौसेसाठी नाटक, असंच ना?

तसं असतं तर मी बँकेत चिकटले असते. नाटकवाल्यांना सांभाळून घ्यायची तिथे जुनी रीत आहे.

दोन्ही कामं कानाची आहेत, पण दोन्हींची शिस्त एकमेकींच्या उलट. नट म्हणून हातात आलेल्या वाक्याचं काहीतरी करायचं असतं: कुठे थांबायचं, कुठला शब्द गिळायचा, कुठे आवाज अगदी खाली आणायचा. संग्रहाच्या टेबलावर तेच हात आवरायचे. समोरचा आवाज आहे तसा उतरवायचा. आवडला म्हणून उजळायचा नाही, कंटाळवाणा वाटला म्हणून कापायचा नाही. सकाळी हात बांधून बसायचं आणि संध्याकाळी ते सोडायचे, हे जमायला मला दोन वर्षं लागली. त्या दोन वर्षांत मी नाटकात फार सपाट बोलायचे, असं मला दिग्दर्शकाने तोंडावर सांगितलंय.

आपल्याकडे ही वाट अगदी नवी नाही. डॉ. अशोक दा. रानडे गायक होते, संगीताचे अभ्यासक होते आणि नटांना आवाज कसा वापरायचा हे शिकवायचे. आधी मुंबई विद्यापीठाच्या संगीत केंद्रात आणि पुढे एनसीपीएत, म्हणजे मुंबईच्या नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्समध्ये, त्यांनी काम केलं. पु. ल. देशपांडे आकाशवाणीत होते, रंगमंचावर एकट्याने प्रयोग करत आणि एनसीपीएशीही जोडलेले होते.

जुन्या गायक-नटांच्या रेकॉर्ड ऐकून अभिनय सुधारतो का?

सुधारतो, पण आपण काय ऐकतोय हे कळलं तर. नाहीतर बिघडतो.

एका तालमीतली गोष्ट. १९१० च्या सुमारासच्या एका गायक-नटाची भूमिका करणाऱ्या मुलाने घरी जीव तोडून अभ्यास केला होता. जुन्या तबकड्या मिळवून शेकडो वेळा ऐकल्या. तालमीला आला तो नाकातून, ओरडून गात. वर 'स' आणि 'श' दोन्ही बोथट, जवळजवळ सारखे. म्हणाला, "त्या काळी असंच म्हणायचे, नीट ऐका." मी नीट ऐकलं. त्याने नटाची नक्कल केलीच नव्हती, भोंग्याची केली होती.

झालं होतं असं. आपल्याकडे विजेचं ध्वनिमुद्रण १९२० च्या दशकाच्या उत्तरार्धात आलं. त्याआधी मायक्रोफोन नव्हता. गाणारा माणूस एका मोठ्या भोंग्यात तोंड घालून गायचा, त्या हवेच्या जोराने पडदा हलायचा आणि सुई मेणावर रेघ ओढायची. त्या रेघेत वरचे बारीक आवाज उमटायचेच नाहीत. 'स', 'श', 'च' यांची धार नेमकी त्या वरच्या पट्टीत असते, ती जायची. हळू गायलं तर काहीच उमटायचं नाही, म्हणून माणूस ओरडायचा. तीन मिनिटांत तबकडीची बाजू संपायची, म्हणून घाईही असायची. हे सगळं वजा केल्यावर जे उरतं ते त्या नटाचं. श्वास कुठे घेतला, कुठल्या शब्दावर तो रेंगाळला, तानेतून पुन्हा अक्षरावर कसा उतरला. हे मात्र चोरण्यासारखं आहे आणि मी मनसोक्त चोरते.

कलकत्त्यात नोव्हेंबर १९०२ मध्ये ग्रामोफोन कंपनीच्या फ्रेड गेसबर्गने गायिका गौहर जानचं गाणं मुद्रित केलं. गाणं संपताना ती ठसक्यात इंग्रजीत सांगते, "माय नेम इज गौहर जान." तबकड्या तेव्हा जर्मनीत, हॅनोव्हरला तयार व्हायच्या आणि तिथल्या माणसाला लेबल लावताना गायिका कोण ते कळावं म्हणून ही सोय होती. ते एक वाक्य मी नव्या नटांना मुद्दाम ऐकवते. आधीची मिनिटं ती कलावंत असते आणि त्या एका वाक्यात बाई म्हणून समोर उभी राहते.

आणि एक चुटपूट. संगीत रंगभूमीचे भाऊराव कोल्हटकर १९०१ मध्ये वारले. गेसबर्गचं यंत्र पुढच्या वर्षी आलं. त्यांच्या आवाजाची वर्णनं भरपूर आहेत, आवाज मात्र नाही. केशवराव भोसले १९२१ मध्ये, वयाच्या तिशीतच गेले, पण निदान त्यांच्या तबकड्या आहेत.

शिक्षण कुठे घ्यायचं?

दोन्ही एकत्र शिकवणारा अभ्यासक्रम शोधत बसू नका. अभिनयासाठी सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र आहे, मुंबई विद्यापीठाची अकॅडमी ऑफ थिएटर आर्ट्स आहे, दिल्लीला एनएसडी, म्हणजे राष्ट्रीय नाट्य विद्यालय आहे. आवाजाच्या तांत्रिक बाजूसाठी पुण्याची एफटीआयआय, म्हणजे फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट. फिल्म हेरिटेज फाउंडेशन जतनाच्या कार्यशाळा घेतं. त्यांचा भर चित्रपटावर असला तरी जतनाची शिस्त तीच. गुरुग्रामला अमेरिकन इन्स्टिट्यूट ऑफ इंडियन स्टडीजचा १९८२ पासूनचा संगीत-ध्वनिसंग्रह आहे. नोंदी, सूची, हक्क, सगळं एकत्र कसं चालतं ते तिथे पाहायला मिळतं.

कोणी सुचवत नाही असा एक मार्ग सांगते: ग्रंथालयशास्त्राची पदवी. आवाज संगणकात उतरवणं सहा महिन्यांत येतं. हजारो फायलींमधून हवी ती दहा वर्षांनी सापडेल अशी नोंद करणं ग्रंथपालाकडूनच शिकावं.

आणि तबकड्या जमवणाऱ्यांच्या सहवासात जा. मुंबईची सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स ही संस्था १९९० पासून आहे. लेबलचा रंग पाहून काळ सांगणारी माणसं वर्गात भेटत नाहीत.

मला अभिनय येतो, पण यंत्राची भीती वाटते. जमेल का?

जमेल. नाटकात म्युझिक ऑपरेट केलं असेल तर अर्धं आलंच.

दिवसाचं काम प्रत्यक्षात कसं असतं?

कंटाळवाणं, आणि मधेच एकदम अंगावर काटा आणणारं.

कॅसेट आली की आधी बघायची. आत टेपच्या मागे एक इवलासा स्पंजचा तुकडा असतो, पितळी पट्टीवर चिकटवलेला. तो टेपला हेडवर, म्हणजे टेपवरचा आवाज वाचणाऱ्या यंत्राच्या भागावर, दाबून धरतो. तीस-चाळीस वर्षांत त्याचा गोंद सुटतो, तुकडा आत कुठेतरी पडतो आणि आवाज येईनासा होतो. लोकांना वाटतं कॅसेट गेली. ती गेलेली नसते. स्क्रू काढायचे, चिमट्याने दुसऱ्या रिकाम्या कॅसेटमधली पट्टी काढून इथे बसवायची, दोन्ही चाकं हाताने फिरवून बघायची. दहा मिनिटांचं काम. पावसाळ्यात कोकणातून आलेल्या कॅसेटवर पांढरी बुरशी असते. ती बाकीच्यांपासून लांब ठेवायची, मास्क लावायचा आणि बुरशी पूर्ण वाळल्यावर पुसायची.

मग हेडचा कोन जुळवायचा. ज्या टेपरेकॉर्डरवर ते मुद्रण झालं त्याचं हेड कदाचित किंचित तिरकं होतं. आपल्या यंत्राचं सरळ असेल तर आवाज ब्लँकेटखालून आल्यासारखा येतो. एक छोटा स्क्रू केसभर फिरवला की अचानक 'स' जिवंत होतो. या कामातला माझा सगळ्यात आवडता क्षण हाच.

स्पूलच्या टेपचं तंत्र वेगळं. रीळ उजेडासमोर धरायचं. कडेने प्रकाश आरपार दिसला तर टेप अॅसिटेटची, नाही दिसला तर पॉलिएस्टरची. अॅसिटेटला व्हिनेगरसारखा आंबट वास सुटला असेल तर घाई करायची, ती टेप सडायला लागलेली असते. १९७०-८० च्या दशकातल्या काही पॉलिएस्टर टेप मात्र चिकट होतात, वाजवताना किंचाळतात. त्यांना पन्नास-पंचावन्न अंशांवर काही तास संथ शेकलं की त्या तात्पुरत्या वाजण्याजोग्या होतात. हा प्रयोग घरच्या ओव्हनमध्ये करू नका. आणि अॅसिटेटची टेप तर कधीच शेकायची नाही.

लाखेची तबकडी धुताना स्पिरिट वापरायचं नाही, कारण लाख स्पिरिटमध्ये विरघळते. एका सद्गृहस्थांनी वडिलांच्या तबकड्या सॅनिटायझरने 'स्वच्छ' करून आणल्या होत्या. मी काही बोलले नाही. त्यांचा चेहराच सांगत होता.

आणि वेग. '७८ ची तबकडी' म्हटलं तरी जुन्या तबकड्या नेमक्या मिनिटाला ७८ फेऱ्यांनी मुद्रित झालेल्या असतीलच असं नाही. ७४ ला मुद्रित केलेली ७८ वर वाजवली तर पांढरी एकमध्ये गाणारा माणूस जवळजवळ काळी एकमध्ये, म्हणजे अर्धा सूर वर जातो, आणि त्याचा आवाज पोरसवदा होतो. मग साथीची पेटी ऐकून, गायकाच्या इतर मुद्रणांशी ताडून वेग ठरवावा लागतो आणि तो का ठरवला ते लिहून ठेवावं लागतं. एका गायक-नटाच्या 'बालिश' आवाजाबद्दल मी एकदा फार आत्मविश्वासाने बोलले होते. तबकडी वेगात वाजत होती, इतकंच.

तासभराच्या कॅसेटला सगळं मिळून तीन तास जातात. ती तासभर वाजलीच पाहिजे, त्याला पर्याय नाही. कारण लेबलवर 'भावगीतं' लिहिलेलं असतं आणि आत कुणाचं तरी बारसं असतं.

खरखर, खोकला, मागचे आवाज काढून टाकता ना?

मूळ प्रतीतून काही काढत नाही. मूळ प्रत ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट, वेव्ह फाइल. स्टिरिओत तासाला साधारण दोन जीबी. ती कुलुपात. ऐकण्यासाठी वेगळी प्रत करतो, तिच्यात हवं तर खरखर कमी करून देतो.

यावरून घरच्या मंडळींशी वाद होतात. एक ताई त्यांच्या आजीच्या जात्यावरच्या ओव्यांची कॅसेट घेऊन आल्या. आजी नव्वदीच्या जवळ, जातं कधीच माळ्यावर गेलेलं, तेव्हा ती स्वयंपाकघरात नुसतीच पाटावर बसून म्हणत होती. मधे कुकरची शिट्टी. मग कुणीतरी दबक्या आवाजात "गॅस बारीक कर" म्हणतं. मग आजी थांबते, आणि विसरलेली ओळ शोधत दोनदा तोच सूर धरते. ताई म्हणाल्या, "शिट्टी आणि ते मधलं बोलणं काढा, फक्त ओव्या ठेवा." मी ऐकण्याची प्रत तशी करून दिली. मूळ प्रत तशीच ठेवली. महिन्याभराने त्यांचा फोन आला. "गॅस बारीक कर" म्हणणारा आवाज त्यांच्या आईचा होता. आईचा दुसरा एकही आवाज त्यांच्याकडे नव्हता.

नट म्हणून मला त्या कॅसेटमध्ये काय मिळालं? विसरलेली ओळ आठवताना माणूस वर बघत नाही. निदान आजी बघत नसावी. सूर धरून ठेवते, श्वास सोडत नाही आणि शब्द त्या सुरावर येऊन बसतो. आम्ही रंगमंचावर 'आठवण्याचा' अभिनय करताना हटकून छताकडे बघतो. ते मी सोडलं.

मराठीत या कामाला वाव किती आहे?

साहित्य अफाट आहे, नोकऱ्या थोड्या. जात्यावरच्या ओव्यांचंच घ्या. हेमा रायरकर आणि गी पॉइटवाँ यांनी सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातल्या गावागावांतून एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या. आज 'पारी'च्या (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया) संकेतस्थळावर त्यांतल्या कितीतरी गाणाऱ्या बायकांच्या आवाजात ऐकता येतात. ग्रामीण बाईची भूमिका मिळालेल्या नटीने 'अशी कशी वो माय' छापाचा हेल काढण्याआधी तिथे दोन तास घालवावेत. मुळशीची बाई आणि मराठवाड्यातली बाई एकाच हेलात बोलत नाही. जुन्या बोलींसाठी ब्रिटिश काळात जॉर्ज ग्रिअर्सनने केलेल्या भारताच्या भाषिक पाहणीच्या वेळी केलेल्या ग्रामोफोन तबकड्याही आहेत. उधळ्या मुलाची तीच एक गोष्ट वेगवेगळ्या भाषांत सांगितलेली.

याखेरीज कीर्तनं, तमाशाच्या फडांची मुद्रणं, व्याख्यानमाला, राज्य नाट्यस्पर्धेतल्या नाटकांच्या कुणीतरी विंगेतून केलेल्या कॅसेट, हे सगळं घराघरांत पडून आहे. टेप टिकल्या तरी त्या वाजवणारी यंत्रं आणि त्यांचे सुटे भाग संपत चालले आहेत. युनेस्को आणि ध्वनिसंग्रहांची आंतरराष्ट्रीय संघटना यांनी २०१९ मध्येच इशारा दिला होता की टेपवरचं जे २०२५ पर्यंत उतरवलं जाणार नाही ते बहुधा कायमचं जाईल. ते वर्ष आलं. माझ्या दोन यंत्रांपैकी एक आता फक्त दुसऱ्याच्या सुट्या भागांसाठी ठेवलंय.

पैशाचं काय?

नाटकात प्रयोगागणिक नाइट, म्हणजे त्या प्रयोगाचं मानधन मिळते. प्रयोग नाही, तर नाइट नाही. तालमीचे पैसे बहुतेक ठिकाणी मिळत नाहीत. संग्रहाचं काम बहुतांशी प्रकल्पावर असतं: सहा महिने, वर्ष, मग पुढचा निधी येईपर्यंत शांतता. दोन्हींच्या दुष्काळाची वेळ सहसा एकच नसते, हा माझा आर्थिक आराखडा.

आवाजाची कामं मधली भर घालतात. आकाशवाणीच्या नाट्यविभागाची स्वरचाचणी जरूर द्या. श्रेणी मिळाली की काम थोडं पण इभ्रतीचं मिळतं. ऑडिओबुकसाठी कानाचं हे सकाळचं काम फार उपयोगी पडतं, कारण स्वतःच्या आवाजातली लाळेची चटचट तुम्हाला ध्वनिमुद्रकाच्या आधी ऐकू येते.

तालीम आणि नोकरी एकत्र जमतं का?

बहुतेक वेळा. एकदा नाही जमलं, ते सांगते. दौरा होता, संध्याकाळची बस होती आणि मला चौदा कॅसेटचा गठ्ठा संपवून निघायचं होतं. पहिल्या कॅसेटला हेडचा कोन जुळवला आणि एकाच घरातल्या आहेत म्हणून बाकीच्या तशाच लावल्या. परत येऊन ऐकलं तर तेरा कॅसेट ब्लँकेटखाली. त्या घरात दोन टेपरेकॉर्डर होते. सगळं पुन्हा केलं, आपल्या खर्चाने. तेव्हापासून प्रयोगाच्या दिवशी मी फक्त नोंदी करते, यंत्राला हात लावत नाही.

जुनं ध्वनिमुद्रण माझ्या नाटकात वापरलं तर चालेल का?

आपल्या कायद्याने प्रसिद्ध झालेल्या ध्वनिमुद्रणाचा हक्क साठ वर्षं टिकतो, पुढच्या वर्षारंभापासून मोजून. म्हणजे १९६० साली आलेल्या तबकडीचा हक्क २०२० च्या अखेरीस संपला. लोक इथेच थांबतात आणि अडकतात. तबकडी मोकळी झाली तरी तिच्यातले शब्द आणि चाल मोकळी झाली असं नाही. त्यांचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षं असतो. कृ. प्र. खाडिलकर १९४८ मध्ये गेले, त्यांची पदं मोकळी आहेत. आचार्य अत्रे १९६९ मध्ये गेले, त्यांचं लेखन २०२९ अखेरपर्यंत नाही. शिवाय कलाकाराचा स्वतःचा हक्क असतो, सादरीकरणानंतर पन्नास वर्षं. घरगुती कॅसेट असेल तर कायदा बाजूला ठेवा आणि घरच्यांना विचारा. 'हो' मिळाला की लेखी घ्या.

एआय वापरून जुन्या नटाचा आवाज परत आणता येईल का? संग्रहात तर नमुने असतीलच.

हा प्रश्न गेल्या दोन वर्षांत सगळ्यात जास्त आला. तांत्रिकदृष्ट्या येतो. पण नमुने मी देत नाही. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने गायक अरिजित सिंग यांच्या बाजूने अंतरिम आदेश देताना, परवानगीशिवाय एआयने त्यांच्या आवाजाची नक्कल करणाऱ्यांना रोखलं. ते हयात आहेत, कोर्टात जाऊ शकले. माझ्या कपाटातली बहुतेक माणसं जाऊ शकत नाहीत. आणि मी स्वतः आवाज विकून जेवते, त्यामुळे या बाबतीत माझ्याकडून तटस्थपणाची अपेक्षा ठेवू नका.

घरी जुनी कॅसेट सापडली आहे. काय करू?

उत्साहाने लगेच लावू नका. आधी वरच्या कडेच्या दोन्ही प्लॅस्टिकच्या छोट्या पट्ट्या मोडा, म्हणजे चुकून लाल बटण दाबलं गेलं तरी वर काही मुद्रित होणार नाही. कधीपासून बंद पडलेल्या टेपरेकॉर्डरमध्ये घालू नका, तो टेप खातो. डब्यावर, लेबलवर, आतल्या चिठ्ठीवर जे काही लिहिलंय त्याचे फोटो काढा, खाडाखोडीसकट. फ्रिजवर किंवा स्पीकरजवळ ठेवू नका. उतरवून मिळाल्यावर तीन प्रती करा, त्यातली एक दुसऱ्या घरी.

मग घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला शेजारी बसवून ती ऐका, आणि मागे कोण खोकतंय ते विचारून लिहून घ्या.